मिलिटरीच्या झाडाची आढी

चौगल्यांच्या घरात आढी उघडायची ती आबांनीच. बाकी सगळ्या कायद्यांना त्या घरात पळवाटा होत्या, या एका कायद्याला नव्हती. आकारामआबा आंघोळ करून, कपाळाला अंगारा लावून, अनवाणी आढीच्या खोलीत शिरत, गुडघ्यांवर बसून भाताच्या पेंढ्याच्या पिंजरात कोपरापर्यंत हात घालत आणि नुसत्या वासावर सांगत, कुठल्या थरातला आंबा आज खायचा आणि कुठला परवा. गगनबावड्याच्या पंचक्रोशीत त्यांच्या आढीचं नाव होतं. थोरल्या लेकाच्या लग्नात अक्षता पडायच्या ऐन वेळेला त्यांना आढीची आठवण झाली आणि नवऱ्या मुलाचा बाप मांडवातून गायब झाला, असं त्यांच्या पत्नी तानाबाई सांगत. आबांनी ते कधी खोटं म्हटलं नाही.

आज मात्र आढीत आंबा नव्हता. सयाजीच्या झाडाचे पीच होते. दुपारी कोल्हापूरच्या शिवाजी पेठेतून नातीच्या, स्नेहलच्या सुपारीला पावणे यायचे होते आणि आबांनी फोनवर सांगून टाकलं होतं, की आंबे तुम्ही कुठंबी खाशिला, आमच्या दारात घरचं पीच खायला या.

त्यांनी कडी काढली, दार ढकललं आणि उंबऱ्यातच थांबले. वास बरोबर नव्हता.

त्या झाडानं या घराला कमी घोर लावला नव्हता. आबांचा धाकटा भाऊ सयाजी फौजेतून हवालदार म्हणून निवृत्त होऊन आला, तेव्हा पठाणकोटहून त्यानं ट्रंकेबरोबर ओल्या पोत्यात गुंडाळलेलं एक रोप आणलं. गावातले फौजी शाली आणतात, रम आणतात. यानं काडी आणली, म्हणून लोक हसले. काडी परसात रुजली, बघता बघता कौलांच्या वर गेली, पण फळ सोडा, फूलही धरीना. दरसाल नुसता पाला. गावानं तिचं नाव ठेवलं मिलिटरीचं झाड. कारण काय, तर ते फक्त सावधानमध्ये उभं राहतं.

आबांना त्याच जागी नवा गोठा घालायचा होता. गेल्या पावसाळ्यात जेवताना ते म्हणाले, ‘‘होळीला झाड पाडायचं.’’

सयाजीनं ताटावरची नजर उचलली नाही. ‘‘पाडा की. मग माझी चूल येगळी. वाटणी द्या, दादा.’’

आबांनी हातातला घास ताटात ठेवला. बाप गेल्यापासून दोघा भावांची एक चूल टिकवली, याखेरीज आयुष्यात आपण काही मोठं केलं असं त्यांना वाटत नव्हतं. तेवढंच एक काम, आणि ते एका वांझ झाडापायी मोडायला आलं होतं.

मग दिवाळी झाली आणि सयाजीच्या बायकोनं, संयोगितानं, एका सकाळी शिडी लावून त्या झाडाचं पान न् पान ओरबाडून काढलं. पाणी तर तिनं आधीच तोडलं होतं. आबा रानातून आले तर परसात हिरव्या पानांचा ढीग आणि वर नागवं झाड. त्यांचं डोकं फिरलं. पण ते बोलणार कुणाशी?

इथं एक सांगायला हवं. थोरल्या दिरानं धाकट्या भावजयीशी तोंडाला तोंड देऊन बोलायचं नाही, ही जुनी रीत चौगल्यांच्या घरात अजून जिवंत होती. संयोगिता लग्न होऊन आली, त्याला आता तीस वर्षं होऊन गेली. एवढ्या वर्षांत आबा आणि ती एका छपराखाली राहिले, एका चुलीवरचं जेवले, एकमेकांची दुखणी काढली, पण एकमेकांशी एक शब्द बोलले नाहीत. निरोप तानाबाईमार्फत जात, पुढं स्नेहलमार्फत जाऊ लागले. मधे माणूस नसलं की खांबाला सांगत, मांजराला सांगत, आणि संयोगिताची तर गोठ्यातल्या गवळण म्हशीवर सगळी भिस्त होती.

‘‘खांबा,’’ आबा त्या दिवशी ओसरीवर, सोप्याच्या खांबाला म्हणाले होते, ‘‘भरल्या घरात हिरवं झाड नागवं केलंय. ह्याला काय म्हणायचं?’’

गोठ्यातून उत्तर आलं. संयोगिता काही हळू बोलणारी बाई नव्हती. ‘‘गवळणे, आमच्या माहेरी आटपाडीला डाळिंबाला असंच करत्यात. ह्या झाडाला थंडीत झोप लागाय पायजे, तर ते जागं होऊन फुलणार. हितं थंडी बेताची. मग अंगावरचं पांघरूण नगं काढाय? ज्याला कळत न्हाई त्यानं हिवाळा सरूस्तवर गप बसावं.’’

आबा गप बसले. म्हशीला सांगितलेल्या गोष्टीवर भांडता येत नाही, ही त्या रीतीतली मोठीच अडचण होती.

पौषातल्या एका सकाळी ते तांब्या घेऊन परसात गेले. धुकं विरत होतं. आधी त्यांना वाटलं, कुणीतरी झाडावर लुगडं वाळत टाकलंय. जवळ गेले आणि पाय हलेनात. आख्खं झाड गुलाबी झालं होतं. फांदी दिसत नव्हती, खोड दिसत नव्हतं, पान तर एकही नव्हतं. काडी काडी फुलानं मढली होती आणि त्यात मधमाश्यांचा एकसारखा आवाज घुमत होता. आबांनी सत्तरावर वर्षांत आंबे मोहरताना पाहिले, पळस पेटताना पाहिला, पण असं झाड पाहिलं नव्हतं. त्यांना चक्क भीती वाटली, देवळात गाभाऱ्याचं दार अचानक उघडलं की वाटते तशी. त्यांनी पायातलं पायताण काढलं, तांब्या खाली ठेवला आणि हात जोडले. मग कुणी बघत तर नाही ना म्हणून मागं पाहिलं. गोठ्याच्या दारात संयोगिता उभी होती. तिनं पदर पुढं ओढला आणि म्हशीलाही काही न सांगता आत गेली.

त्या दिवसापासून झाड सयाजीचं राहिलं नाही, घराचं झालं. आणि घराचं झालं म्हणजे आबांचं झालं. जो भेटेल त्याला ते परसात नेत. सयाजी आणि संयोगितानं हरभऱ्याएवढी फळं धरल्यावर त्यातली निम्मी खुडून टाकली, तेव्हा आबा खुडलेली फळं मोजत बसले; पण उरलेली फळं लिंबाएवढी झाली, मग मुठीत मावेनाशी झाली, गालावर लाली चढली, आणि आबांची छाती त्यांच्याबरोबर फुगत गेली. गोठ्याचं नाव कुणी काढेना.

एका सकाळी पोपटानं टोचलेलं एक पिकं फळ झाडाखाली पडलं. आबांनी ते उचललं आणि जाहीर केलं, ‘‘पाड लागला.’’

आंब्याचं तसंच असतं. झाडावर एक पिकून पडला की बाकीचे उतरवायच्या लायकीचे झाले. मग ते कच्चेच उतरवून आढीत घालायचे. यात चूक होऊ शकते, हे आबांच्या स्वप्नातही नव्हतं.

‘‘दादा, हा आंबा न्हवं,’’ सयाजी म्हणाला होता. ‘‘ह्याला गोडी झाडावरच येती. अजून बूड हिरवं हाय बघा. पिवळं होऊ दे. उतरला की एकावर एक बी ठेवायचा न्हाई, दाबतोय.’’

‘‘मला शिकवतोस व्हय रं आढी?’’

‘‘गवळणे,’’ गोठ्यातून आवाज आला, ‘‘आढीत गेलं की गेलं म्हणून समज.’’

आबांनी फळं उतरवायचा झेला मागवला. सयाजी शिडीपाशी आला आणि शांतपणे म्हणाला, ‘‘एवढी वर्षं वाट बघितली मी. माझ्या झाडाचं फळ उतरायचं कवा, हेबी मला ठरवता येत नसंल, तर मग त्या वाटणीचंच बघू. फळं चांगली निघाली तर माझं काय म्हणणं न्हाई. न्हाई निघाली तर मी बोलणार.’’

आबांनी मान डोलावली आणि फळं उतरवली. शेंड्याची एक फांदी तेवढी सोडली. तो त्यांच्या बापाचा नेम होता. झाड कुठलंही असो, शेंड्याची फांदी पाखरांची, तिला माणसानं हात लावायचा नाही.

आणि आता आढीच्या उंबऱ्यात आंबूस वास येत होता.

आबा आत शिरले, गुडघ्यांवर बसले. वरच्या थरातला एक पीच हाताला लागला. सुरकुतलेला, चिवट, बूड तसंच हिरवं. त्यांनी तो चावून पाहिला. ना गोड ना आंबट, चव नावाची गोष्टच त्यात नव्हती. दुसऱ्या थरात हात घातला आणि बोटं मऊ लगद्यात रुतली. खालच्या फळांवर पिंजराच्या काड्यांचे वळ उठले होते, त्यांतून काळपट पाणी सुटलं होतं आणि तळाला पांढरी बुरशी धरली होती. आबा थर उपसत राहिले. एकही फळ धड निघालं नाही.

तानाबाई दारात आल्या, नाकाला पदर लावला. ‘‘आवं, हे काय झालं?’’

‘‘दार लाव.’’

‘‘दार लावून वास ऱ्हाईल व्हय आत? सयाजीभावजींना काय सांगायचं?’’

 तेवढ्यात विश्वजित आला. आबांचा थोरला मुलगा, स्नेहलचा बाप. शिरोली एमआयडीसीत फाउंड्रीत सुपरवायझर होता, आणि बिघडलेला माल नजरेआड कसा करायचा, हे त्याला चांगलं ठाऊक होतं.

‘‘आबा, टेन्शन घेऊ नका. कोल्हापुरात मिळत्यात पीच, पेटीबंद. माझा दोस्त आत्ता निघाला तर जेवणाच्या आधी पोचतोय. कोण बघतंय झाडाचं हाय का दुकानाचं? हे मी मागल्या मागं उकिरड्यावर टाकतो. काकांना बी कळणार न्हाई.’’

आबांनी त्याच्याकडं पाहिलं. वाईट गोष्ट अशी, की त्यांना ते पटलं. पावण्यांसमोर अब्रू राहील, सयाजीला कळणार नाही, चूल एक राहील. एका पेटीत एवढं सगळं मिळत होतं. ‘‘कर फोन,’’ असं ते म्हणणार होते.

‘‘नगं,’’ तानाबाईंच्या मागून सयाजी म्हणाला. तो कधी येऊन उभा राहिला होता, कुणाला कळलं नव्हतं. तो आत आला, उकिडवा बसला. त्यानं ढिगातला एक पीच उचलला, अंगठ्यानं पुसला. त्याच्या चेहऱ्यावर राग असता तर आबांना बरं वाटलं असतं. पण मेलेल्या वासराला बघावं तसं तो त्या फळाकडं बघत होता.

‘‘सयाजी...’’

‘‘पावणं जेवून जाऊ द्यात, दादा. पोरीचं काम हाय. मग बोलू.’’

तो उठून गेला. एवढंच बोलला, पण आबांना कळायचं ते कळलं. संध्याकाळी या घरात दोन चुली. त्यांना डोळ्यांपुढं सोपा दिसला, मधोमध भिंत घातलेला, आणि खांब नेमका भिंतीत गेलेला.

ते उठले आणि कुठं जायचं न कळून गोठ्याकडं वळले. संयोगिता धार काढत होती. त्यांची चाहूल लागताच तिनं पदर सावरला, पण मान वळवली नाही. आबा पाठ करून उभे राहिले. आता ती काय ते बोलेल आणि आपण ऐकून घ्यायचं, एवढंच त्यांनी ठरवलं होतं. धारेचा आवाज थांबला.

‘‘गवळणे,’’ संयोगिता म्हणाली, आणि आज तिचा आवाज बारीक होता, ‘‘आढी कुजली म्हंजे झाड कुजलं न्हाई. शेंड्याची फांदी अजून हाय. कुणी वर मान करून बघितलंय का?’’

आबा परसात गेले. झाड आता पानांनी भरलं होतं. त्यांनी मान वर केली. शेंड्याच्या फांदीवर बुलबुलांची एक जोडी बसून एक फळ कोरत होती. पाखरांनी आठवडाभर आपला वाटा खाल्ला होता, देठाला नुसत्या कोयीसारख्या आठळ्या लोंबत होत्या. पण पानांआड काही फळं अजून शिल्लक होती. आणि ती हिरवी नव्हती. उन्हं त्यांच्यावर पडली होती आणि ती आतून पेटल्यासारखी पिवळी दिसत होती, एका अंगाला तांबडी. वास खालपर्यंत येत होता. आबांनी जन्मभर फळांचे वास घेतले, पण हा वास घेताना त्यांना वाटलं, आपल्याला आजवर नाक नव्हतंच.

‘‘पाखरांचा वाटा हाय, दादा,’’ सयाजी मागं येऊन उभा होता. ‘‘तुमचाच नेम.’’

‘‘व्हय. माझाच.’’

आबांनी पायताण काढलं. शिडी फांदीला टेकवली आणि या वयात, तानाबाई खालून ओरडत असताना, ते वर चढले. बुलबुल उडून पलीकडच्या फांदीवर बसले आणि तिथून त्यांना शिव्या घालू लागले.

‘‘बाबांनू,’’ आबा त्यांना म्हणाले, ‘‘तुमचं खातोय मी. चोरून न्हाई, सांगून खातोय. माझ्या हातनं नुकसान झालंय, माझ्या घरात आज खायला न्हाई. पुढल्या साली तुमच्या दोन फांद्या.’’

त्यांनी एका फळाखाली तळहात धरला. देठ पिळायचा, म्हणून दुसरा हात वर नेला. पण पिळावं लागलं नाही. तळहात जरासा वर उचलला आणि फळ त्यात आपणहून उतरलं. आबा शिडीवर तसेच उभे राहिले. फळाला वासराच्या कानासारखी लव होती आणि ते उन्हानं कोमट होतं. झेल्यानं ओढून, हिसडून, देठासकट तोडून जे त्यांनी नेलं होतं, ते या झाडाला द्यायचंच नव्हतं. द्यायचं होतं, ते झाड असं देत होतं. त्यांचे डोळे भरून आले आणि त्यांनी ते पुसले नाहीत, कारण दोन्ही हात गुंतले होते.

‘‘घे, सयाजी. पयलं तुझं.’’

सयाजीनं खालून ओंजळ धरली. ओंजळ भरून जेवढी झाली तेवढीच फळं आबांनी घेतली आणि उरलेली बुलबुलांना ठेवली.

पावणे आले, टोप्या काढून सोप्यात बसले. सुपारी फुटली, पेढे वाटले, जेवणं झाली. मग स्नेहलनं एका ताटात पीचच्या फोडी आणल्या, माणशी एक. नवऱ्या मुलाच्या आजोबांनी, ज्ञानूअण्णांनी, ताटाकडं बघून मिशीतल्या मिशीत हसत विचारलं, ‘‘आबा, फोनवर तर तुम्ही पेट्या भरून वाढत हुता.’’

विश्वजितनं खाली बघितलं. सयाजी खांबाला टेकून उभा होता, तो हलला नाही.

‘‘हुत्या, अण्णा,’’ आबा म्हणाले. ‘‘मी कुजवल्या. सयाजीनं नगं म्हटलतं, मी ऐकलं न्हाई. आंब्यागत आढी घातली. ही फोड पाखरांच्या वाट्यातली हाय. खाऊन बघा.’’

ज्ञानूअण्णांनी फोड तोंडात टाकली. चावायचं थांबले. रस हनुवटीवरनं सदऱ्यावर आला, तो पुसायचंही त्यांना सुचलं नाही. सोप्यातलं बोलणं एकेक करून बंद पडत गेलं. 

‘‘हे आपल्या मातीत आलं?’’ शेवटी ज्ञानूअण्णांनी विचारलं, देवळात विचारावं एवढ्या हळू.

‘‘आलं,’’ आबा म्हणाले. ‘‘मला बी अजून खरं वाटत न्हाई.’’

पावण्यांच्या गाड्या घाटाच्या वळणाआड गेल्या. सोप्यात घरची माणसं उरली. तानाबाई, स्नेहल, विश्वजित. माजघराच्या दारात, अर्ध्या आत, अर्ध्या बाहेर, संयोगिता. आबा घोंगड्यावर बसले आणि म्हणाले, ‘‘बोल, सयाजी. जेवणं झाल्यावर बोलणार हुतास.’’

सयाजीनं खिशातनं मूठ काढली. त्यात पीचच्या आठळ्या होत्या, धुऊन पुसलेल्या. स्नेहलनं फोडी केल्यावर त्यानं त्या एकेक वेचल्या होत्या. ‘‘ह्या वाळत घालायच्या हुत्या. कुठं लावायच्या, ते इचारायचं हुतं.’’

‘‘नव्या गोठ्याच्या जागी लाव. गोठा वढ्याकडंला घालू.’’

‘‘मग माझं बोलायचं काय ऱ्हायलं न्हाई,’’ सयाजी म्हणाला. ‘‘वैनी, च्या टाका. सगळ्यांचा एकदमच टाका.’’

तानाबाईंनी डोळ्यांना पदर लावला आणि उठल्या. आबा मात्र बसून राहिले. त्यांनी टोपी काढली, पुन्हा घातली. खांबाकडं पाहिलं. स्नेहलकडं पाहिलं. ती ‘काय सांगू?’ अशा नजरेनं तयारच होती. आबांनी तिला हातानं थांबवलं आणि मान माजघराच्या दाराकडं वळवली.

‘‘संयोगिता,’’ ते म्हणाले.

तानाबाई चुलीकडं जाता जाता जागच्या जागी थांबल्या. सयाजीच्या हातातली एक आठळी खाली पडून घरंगळत गेली, ती उचलायला कुणी वाकलं नाही.

‘‘पुढल्या साली पानं कवा काढायची?’’

संयोगिताचा हात सवयीनं पदराकडं गेला. तिनं गोठ्याच्या दिशेला पाहिलं, मग आबांकडं पाहिलं, आणि पदर होता तिथंच राहू दिला.

‘‘दिवाळी झाली की, आबा,’’ ती म्हणाली. ‘‘पर तुम्ही हात लावायचा न्हाई.’’

‘‘बरं,’’ आबा म्हणाले.

गोठ्यात गवळण रेकली. आज संध्याकाळी तिला अजून कुणीच काही सांगितलं नव्हतं.